वाळू-मुरमाची गाडी पोलिसांनी पकडली, तर ती सुटते कशी? दंड भरूनही ती ठाण्यातच का राहते?

शिरूरहून न्हावरे मार्गे चौफुल्याला जाणारा रस्ता पारगावजवळ भीमा नदी ओलांडतो. पुलाच्या अलीकडे शिरूर तालुका, पलीकडे दौंड. समजा, रात्री वाळूने भरलेला एक डंपर या रस्त्यावर पोलिसांनी थांबवला. चालकाकडे वाहतूक पास नाही, किंवा आहे पण त्याची वेळ संपली आहे. गाडी ठाण्याच्या आवारात उभी राहते आणि सकाळी मालकाला फोन जातो.

मालक तहसील कार्यालयात धावतो. दंडाची रक्कम कळते, तो उसनेपासने करून ती भरतो आणि पावती घेऊन पोलीस ठाण्यात जातो. तिथे उत्तर मिळतं, "गाडी गुन्ह्यात जप्त आहे, कोर्टाचा आदेश आणा." मग पैसे कशाचे भरले, असा प्रश्न त्याला पडतो.

त्याचं उत्तर असं, की अशा गाडीला बहुतेक वेळा दोन कुलपं लागलेली असतात. एक महसूल खात्याचं, दुसरं फौजदारी न्यायालयाचं. दोन्हींच्या किल्ल्या वेगळ्या आहेत आणि एका किल्लीने दुसरं कुलूप उघडत नाही.

गाडी नेमकी कोणी जप्त केली?

सगळ्यात आधी हे शोधायला हवं. वाळू, मुरूम, दगड, खडी, माती ही 'गौण खनिजं'. ती काढायला आणि वाहून न्यायला परवानगी लागते. परवानगीशिवाय वाहतूक होत असेल, तर दोन यंत्रणा कारवाई करू शकतात.

पहिली यंत्रणा महसूल खात्याची. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ (८) नुसार जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेला, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला महसूल अधिकारी खनिज आणि ते वाहून नेणारं वाहन जप्त करू शकतो.

दुसरी यंत्रणा पोलिसांची. नदीतली वाळू ही सरकारची मालमत्ता आहे, त्यामुळे ती परवानगीशिवाय नेणं म्हणजे चोरी, असा गुन्हा पोलीस नोंदवू शकतात. १ जुलै २०२४ पासून त्यासाठी भारतीय न्याय संहितेचं कलम ३०३ (२) लागतं. त्याआधी भारतीय दंड संहितेचं कलम ३७९ लागायचं. सोबत खाणी आणि खनिजं कायदा, १९५७ ची कलमंही लावली जाऊ शकतात. या गुन्ह्यात गाडी 'मुद्देमाल' ठरते. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०६ नुसार जप्तीची माहिती पोलिसांना दंडाधिकाऱ्यांना कळवावी लागते.

अनेकदा दोन्ही गोष्टी एकाच गाडीबाबत होतात. पोलीस गाडी पकडतात, गुन्हा नोंदवतात आणि तहसीलदारांना दंडाच्या कारवाईसाठी पत्रही देतात. म्हणून मालकाने पहिल्याच दिवशी दोन प्रश्न विचारावेत. गुन्हा दाखल झाला आहे का, आणि असल्यास गुन्हा क्रमांक व कलमं कोणती? तहसीलदारांकडे अहवाल गेला आहे का, आणि गेला असल्यास त्याची तारीख काय?

गुन्हा दाखल नसेल आणि फक्त महसुली कारवाई असेल, तर एकच कुलूप आहे. तेव्हा पुढची वाट तुलनेने सोपी असते.

पहिलं कुलूप: तहसील आणि प्रांत कार्यालय

महसुली बाजूला दोन वेगळ्या रकमा असतात. अनेकांचा गोंधळ इथेच होतो.

एक दंड खनिजाचा. कलम ४८ (७) नुसार विनापरवाना खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होऊ शकतो. सोबत सरकारचं स्वामित्वधन, म्हणजे रॉयल्टी वसूल होते. हा आदेश तहसीलदार काढू शकतात.

दुसरा दंड वाहनाचा. तो गाडीत किती माल होता यावर नाही, तर गाडी कोणत्या प्रकारची आहे यावर ठरतो. १२ जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेने नियमांत केलेल्या दुरुस्तीनुसार ट्रॅक्टर-ट्रॉली किंवा हाफ बॉडी ट्रकला १ लाख रुपये, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला २ लाख रुपये आणि खोदकाम करणाऱ्या एक्सकॅव्हेटरला साडेसात लाख रुपये असा हा दंड आहे.

हिशेब करून पाहिला की आकडा डोळ्यांत भरतो. वाळूचा बाजारभाव ब्रासला ७,००० रुपये आणि रॉयल्टी ब्रासला ६०० रुपये धरू. (एक ब्रास म्हणजे १०० घनफूट.)

• डंपर, ४ ब्रास वाळू: मालाची किंमत २८,००० रुपये. पाचपट दंड १,४०,००० रुपये, रॉयल्टी २,४०० रुपये, वाहनाचा दंड २,००,००० रुपये. एकूण ३,४२,४०० रुपये.

• ट्रॅक्टर-ट्रॉली, १ ब्रास वाळू: मालाची किंमत ७,००० रुपये. पाचपट दंड ३५,००० रुपये, रॉयल्टी ६०० रुपये, वाहनाचा दंड १,००,००० रुपये. एकूण १,३५,६०० रुपये.

म्हणजे सात हजारांच्या वाळूपायी ट्रॅक्टरवाल्याला तिच्या एकोणीसपटीहून जास्त रक्कम मोजावी लागू शकते. प्रत्यक्षातला बाजारभाव अधिकारी ठरवतात, त्यामुळे आकडे कमी-जास्त होतील. मात्र एका खेपेवर लाख-दीड लाखाची जोखीम असते, हे या हिशेबातून कळतं.

गाडी सोडण्याचा अधिकार कोणाचा?

दंडाचा आदेश तहसीलदारांचा असला, तरी गाडी सोडण्याचा अधिकार त्यांच्या वरच्या पायरीवर आहे. कलम ४८ (८) सांगतं, की जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्यासमोर सादर करावं. सहसा हे अधिकारी म्हणजे प्रांत, अर्थात उपविभागीय अधिकारी.

ते दोन अटींवर गाडी सोडू शकतात. वाहनासाठी ठरलेला दंड भरायचा आणि वैयक्तिक बंधपत्र द्यायचं. बंधपत्राची रक्कम गाडीच्या बाजारभावापेक्षा जास्त असू शकत नाही. त्यात मालक लिहून देतो, की ही गाडी पुन्हा बेकायदा खनिज वाहतुकीसाठी वापरली जाणार नाही. पुढे तीच गाडी पुन्हा सापडली, तर हा कागद मालकाच्या विरोधात उभा राहतो.

दंड भरलाच नाही, तर ती रक्कम जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसूल करता येते. म्हणजे गाडीचा लिलाव होऊ शकतो आणि मालकाच्या सातबाऱ्यावर बोजाही चढू शकतो. शेतीसाठी घेतलेल्या ट्रॅक्टरची एक खेप जमिनीच्या उताऱ्यापर्यंत पोहोचते ती अशी.

दुसरं कुलूप: दंडाधिकारी न्यायालय

गुन्हा दाखल असेल, तर पोलीस निरीक्षक किंवा तहसीलदार आपल्या मनाने मुद्देमाल परत देऊ शकत नाहीत. त्यासाठी प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांचा आदेश लागतो. शिरूर आणि दौंड, दोन्ही ठिकाणी ही न्यायालयं आहेत.

अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली होतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच कलमं ४५१ आणि ४५७ होती. जुन्या नमुन्यावर अर्ज लिहिणारे आजही तेच आकडे वापरतात, म्हणून मालकाने दोन्ही ओळखीचे ठेवावेत.

अर्ज आला की न्यायालय पोलिसांचं म्हणणं मागवतं. मग मालकी, तपासाची गरज आणि गाडी परत मिळण्याची हमी पाहून निर्णय होतो. मंजुरी मिळाल्यास साधारण अटी अशा असतात: ठरावीक रकमेचं बंधपत्र, जामीनदार, गाडी विकायची नाही, रंग किंवा रचना बदलायची नाही, न्यायालय सांगेल तेव्हा हजर करायची.

या टप्प्यावर मालकाच्या बाजूने एक महत्त्वाचा निकाल आहे. 'सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य' या प्रकरणात १ ऑक्टोबर २००२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की जप्त वाहनं पोलीस ठाण्यात दीर्घकाळ ठेवून काही उपयोग नाही. पंचनामा करावा, फोटो घ्यावेत, योग्य हमी घ्यावी आणि दंडाधिकाऱ्यांनी लवकर निर्णय द्यावा. कोणत्याही परिस्थितीत पंधरा दिवस ते महिनाभरापेक्षा जास्त काळ मुद्देमाल ठाण्यात पडून राहू नये, असंही त्यात आहे.

नव्या संहितेने हाच विचार कलमात बसवला. मुद्देमाल न्यायालयासमोर आल्यापासून १४ दिवसांत त्याचं वर्णनपत्र तयार करायचं, फोटो किंवा व्हिडिओ घ्यायचा आणि वर्णनपत्र झाल्यापासून ३० दिवसांत त्याचं काय करायचं याचा आदेश द्यायचा, असं कलम ४९७ सांगतं.

याचा अर्थ गाडी आपोआप सुटते, असा नाही. अर्ज करावाच लागतो. खनिज कायद्याखालच्या गुन्ह्यात वापरलेलं वाहन न्यायालयाच्या आदेशाने कायमचं सरकारजमा होऊ शकतं, अशी तरतूद त्या कायद्याच्या कलम २१ (४-अ) मध्ये आहे. म्हणून तात्पुरता ताबा मिळणं आणि खटल्यातून सुटका होणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

दंड भरला की गुन्हा मिटतो का?

नाही. गावोगावी सर्वात जास्त गैरसमज याच मुद्द्यावर आहे.

२०१४ मध्ये 'दिल्ली सरकार विरुद्ध संजय' या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की खनिज कायद्याचं उल्लंघन आणि वाळूची चोरी हे वेगळे गुन्हे आहेत. खनिज कायद्याखाली खटला चालवायला अधिकृत अधिकाऱ्याची तक्रार लागते. चोरीच्या गुन्ह्यात मात्र पोलिसांच्या अहवालावरही न्यायालय पुढे जाऊ शकतं.

३ डिसेंबर २०२० च्या 'जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य' या निकालाने ते आणखी स्पष्ट केलं. दंड भरून तडजोड मान्य झाली, तर खनिज कायद्याखालचा खटला पुढे चालत नाही. चोरीचा खटला मात्र त्या तडजोडीने संपत नाही.

त्यामुळे तहसीलची पावती जपून ठेवावी, ती न्यायालयात मांडावी, पण ती म्हणजे निर्दोष सुटल्याचा दाखला समजू नये.

नदीमुळे हद्दीचा घोळ

या दोन तालुक्यांत आणखी एक अडचण आहे. भीमा काही अंतर शिरूर आणि दौंडच्या मधून वाहते, पुढे ती दौंड आणि श्रीगोंद्याच्या मधून जाते. शिरूर शहराला 'घोडनदी' हे नाव देणारी घोड नदी तर पुणे आणि अहिल्यानगर जिल्ह्यांची सीमाच आहे. वाळू एका काठावरून उचललेली, गाडी दुसऱ्या काठावर पकडलेली आणि मालक तिसऱ्याच तालुक्यातला, असं सहज घडतं.

अर्ज कुठे करायचा, हे मालकाच्या पत्त्यावरून ठरत नाही. गाडी कोणत्या ठाण्याच्या हद्दीत जप्त झाली आणि त्या ठाण्याने जप्ती कोणत्या न्यायालयाला कळवली, ते पाहायचं. शिरूर तालुक्यात शिरूर, शिक्रापूर आणि रांजणगाव एमआयडीसी ही ठाणी आहेत. दौंड तालुक्यात दौंड आणि यवत. पारगावचा पूल ओलांडला की ठाणं, तहसील आणि न्यायालय तिन्ही बदलतात. चुकीच्या दारात गेलेला अर्ज परत येतो आणि तोवर गाडीचा हप्ता चालूच असतो.

कागद कोणते लागतात?

• आरसी बुक, विमा, फिटनेस आणि परमिट
• मालकाचं ओळखपत्र आणि पत्त्याचा पुरावा
• गाडीवर कर्ज असेल, तर वित्तसंस्थेची कागदपत्रं
• प्रथम खबर, म्हणजे एफआयआरची प्रत आणि जप्ती पंचनामा
• तहसीलदारांची नोटीस, दंडाचा आदेश आणि चलनाची पावती
• पास असेल, तर त्याची प्रत आणि माल कुठून घेतला त्याचं बिल

सगळ्यात मोठा अडथळा येतो तो नावाचा. ग्रामीण भागात जुना ट्रॅक्टर किंवा डंपर नोटरीवर घेतला जातो आणि आरसी बुकावर आधीच्या मालकाचंच नाव राहतं. न्यायालय आणि प्रांत कार्यालय साधारणपणे नोंदणीकृत मालक पाहतात. मग जुना मालक शोधा, त्याला हजर करा, त्याचं शपथपत्र घ्या, अशी धावपळ सुरू होते. गाडी घेतल्यावर लगेच नाव लावून घेणं यापेक्षा कितीतरी स्वस्त पडतं.

पास असूनही गाडी पकडली तर?

खनिज वाहतुकीचा ई-पास 'महाखनिज' या सरकारी प्रणालीतून निघतो. तो चार गोष्टींशी जुळावा लागतो: गाडीचा क्रमांक, मालाचं प्रमाण, ठिकाण आणि वेळ. यातली एक जरी चुकली, तरी वाहतूक विनापरवाना ठरवली जाऊ शकते. पंक्चर झालं, घाटात गाडी बंद पडली, काट्यावर रांग होती, ही कारणं खरी असली तरी ती कागदावर दाखवता आली पाहिजेत. दुरुस्तीचं बिल, जीपीएसची नोंद, वजनकाट्याची पावती अशा वेळी उपयोगी पडते.

तहसीलदारांची नोटीस आली, की तोंडी विनंती करण्याऐवजी लेखी खुलासा द्यावा आणि पोच घ्यावी. पंचनाम्यात किती ब्रास लिहिलं आहे, ते तपासावं. पाचपट दंड त्याच आकड्यावर बसतो. तीन ब्रासच्या जागी पाच लिहिले गेले आणि त्यावर मालकाने काही न म्हणता सही केली, तर नंतर भांडणं अवघड जातं. नव्या संहितेच्या कलम १०५ नुसार पोलिसांच्या जप्तीचं चित्रीकरण व्हायला हवं. मोजमापावरून वाद असेल, तर ते चित्रीकरण न्यायालयात मागता येतं.

गाळ नेणाऱ्या शेतकऱ्यांनीही हे लक्षात ठेवावं. 'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' योजनेतून गाळ मिळतो, वाळू नाही. गाळाच्या नावाखाली ट्रॉलीत वाळू निघाली, तर योजनेचा कागद वाचवत नाही. आणि खरोखर गाळच असेल, तर परवानगीची प्रत ट्रॅक्टरवरच ठेवावी, घरी कपाटात नाही.

आदेश चुकीचा वाटला तर?

तहसीलदारांच्या आदेशाविरुद्ध उपविभागीय अधिकाऱ्यांकडे आणि उपविभागीय अधिकाऱ्यांच्या आदेशाविरुद्ध जिल्हाधिकाऱ्यांकडे अपील करता येतं. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल, तर मुदत ६० दिवसांची आहे. अपील दाखल केलं म्हणून वसुली आपोआप थांबत नाही, स्थगितीचा अर्ज वेगळा करावा लागतो. न्यायालयाने गाडी देण्यास नकार दिला, तर वरच्या न्यायालयात दाद मागता येते.

काय करू नये?

गाडी परस्पर काढून नेऊ नये. तहसील किंवा ठाण्याच्या आवारातून जप्त गाडी रात्रीतून पळवल्याच्या बातम्या येत असतात. गाडी स्वतःची असली, तरी कायदेशीर जप्तीतून ती अप्रामाणिकपणे नेणं हा नवा गुन्हा आहे. मग मूळ प्रकरणात ताबा मिळण्याची शक्यताही मावळते.

'मिटवून देतो' म्हणणाऱ्याला रोख पैसे देऊ नयेत. दंड सरकारी चलनानेच भरायचा असतो. पावती नसलेला पैसा दंड म्हणून कुठेच धरला जात नाही. कोणी लाच मागितली, तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा टोल फ्री क्रमांक आहे.

चालकाला एकटं सोडू नये. मालक दंडाच्या मागे धावत असतो आणि गुन्ह्यात पहिलं नाव मात्र चालकाचं असतं. त्याच्या जामिनाचा अर्ज गाडीच्या अर्जाइतकाच तातडीचा आहे.

इतका कडक कायदा कशासाठी?

एका ट्रॉलीला लाखाचा दंड ऐकून अन्याय वाटू शकतो. पण नदीकाठच्या गावांची बाजूही पाहावी लागते. वाळू नदीचं पाणी धरून ठेवते. ती उपसली, की काठच्या विहिरींची पातळी खाली जाते, पात्रात खोल खड्डे पडतात, पुलांचे पाये उघडे पडतात. भीमेच्या पात्रात महसूल पथकांनी वाळूउपशाच्या बोटी जिलेटिनने उडवल्याच्या कारवाया दौंड परिसराने वारंवार पाहिल्या आहेत. ज्या विहिरीवर ट्रॅक्टरवाल्याचा स्वतःचा ऊस उभा असतो, तीही याच नदीच्या भरवशावर असते.

सर्वोच्च न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१२ रोजी 'दीपक कुमार' प्रकरणात लहान क्षेत्रातल्या गौण खनिज उत्खननालाही पर्यावरण मंजुरी आवश्यक केली. वाळू तस्करांना स्थानबद्ध करता यावं म्हणून महाराष्ट्राने 'एमपीडीए' कायद्याच्या कक्षेत त्यांचाही समावेश केला. म्हणजे वारंवार सापडणाऱ्यांसाठी मामला गाडीपुरता राहत नाही.

थोडक्यात

गाडी पकडली गेली, की आधी गुन्हा क्रमांक आणि तहसीलचा अहवाल, दोन्हींची चौकशी. पंचनाम्यातला ब्रासचा आकडा तपासणं. नोटिशीला लेखी उत्तर. दंड चलनाने आणि बंधपत्र प्रांताकडे. गुन्हा असेल, तर त्याच वेळी न्यायालयात ताब्याचा अर्ज. एक काम संपल्यावर दुसरं सुरू करायचं, असं नाही. दोन्ही अर्ज एकाच आठवड्यात गेले, तर गाडी ठाण्याच्या आवारात उभी राहण्याचे दिवस कमी होतात. तिथे उभ्या गाडीची बॅटरी उतरते, टायर बसतात, हप्ता मात्र थांबत नाही.